मंगळाच्या वाटेवर डॉक्टर कुठून आणणार?

मंगळावर माणूस पाठवायचा विषय निघाला की सगळे रॉकेटबद्दल बोलतात. मला दरवेळी मानेतली एक शीर आठवते.

अंतराळ स्थानकावरच्या एका अंतराळवीराच्या मानेतल्या शिरेत रक्ताची गुठळी झाली होती. २०२० च्या जानेवारीत डॉक्टरांनी नाव गुप्त ठेवून ही केस प्रसिद्ध केली. त्रास काहीच नव्हता. मोहीम सुरू होऊन दोन महिने झाले होते, संशोधनासाठी सोनोग्राफी चालली होती, त्यात ती दिसली. वर रक्त पातळ करायच्या इंजेक्शनच्या मोजक्याच बाटल्या. त्या पुरवून पुरवून वापरल्या आणि गोळ्या मागाहून मालवाहू यानातून पाठवल्या. पुढच्या सोनोग्राफी त्या अंतराळवीराने स्वतःच्या हाताने केल्या, खालून डॉक्टर सांगत होते तशा.

हे सगळं जमलं, कारण स्थानक जेमतेम ४०० किलोमीटरवर आहे.

माझ्या बाबांच्या पायात अशीच गुठळी झाली होती. रोज पोटात इंजेक्शन, सारखी रक्ताची तपासणी. रात्री पाय थोडा जास्त सुजलेला वाटला तरी आम्ही रिक्षा करून दवाखाना गाठायचो. म्हणून ही केस वाचली तेव्हा पोटात गोळाच आला.

मंगळाजवळ पोचलेल्या यानातून 'डॉक्टर, पाय सुजलाय' म्हटलं, तर शब्द इथे पोचायलाच ३ ते २२ मिनिटं लागतात. उत्तराला तेवढीच. मागाहून गोळ्या पाठवायची सोय नाही आणि अर्ध्या वाटेतून यान वळवून घरी आणता येत नाही. जाणं, तिथे दोन्ही ग्रह परतीला सोयीच्या जागी येण्याची वाट बघणं, येणं, असा सगळा मिळून जवळजवळ तीन वर्षांचा हिशोब. कितीतरी औषधांची एक्स्पायरी त्याआधीच उलटते.

किरणोत्साराचं वेगळंच. क्युरिऑसिटी यानाने २०११-१२ च्या मंगळाकडच्या प्रवासात मोजलं, तर दिवसाला सुमारे १.८ मिलिसिव्हर्ट. पृथ्वीवर निसर्गातून आपल्याला वर्षभरात सरासरी २.४ मिळतो, तिथे तेवढा दीड दिवसाच्या आत.

१९६१ मध्ये अंटार्क्टिकात लिओनिद रोगोझोव्ह या रशियन डॉक्टरने स्वतःचं अपेंडिक्स स्वतः कापून काढलं, हे उदाहरण लोक हमखास देतात. त्या माणसापुढे मी हात जोडतो. पण त्याच्या पाठीखाली खाट होती, रक्त खाली ओघळत होतं. वजनरहित अवस्थेत ते जखमेपाशीच फुगून साचतं, नाहीतर थेंब होऊन तरंगत सुटतं.

माणसाने मंगळावर जावं, असं मला मनापासून वाटतं. पण उड्डाणाच्या तारखा सांगणाऱ्यांनी आधी औषधांची पेटी उघडून दाखवावी. तीन वर्षं टिकणारी औषधं कोणती, शस्त्रक्रिया कोण करणार, आणि तोच आजारी पडला तर कोण?

बाबांच्या गोळीचा डोस दोनदा बदलावा लागला होता. दोन्ही वेळा डॉक्टर समोर बसलेले होते.