इंग्रजांचं बांधकाम आणि सिडनीचा दीपस्तंभ

आमच्या नातेवाइकांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर दर पावसाळ्यात एक भांडण ठरलेलं. कुठेतरी नवा पूल खचतो आणि कुणीतरी सीएसएमटीचा फोटो टाकतं, "बघा, इंग्रजांचं काम!" लगेच दुसरं कुणी गुलामीच्या खुणा पुसायला निघतं. मग ते सुप्रसिद्ध पत्र येतं. लंडनच्या कंपनीने म्हणे कळवलंय, अमुक पुलाची मुदत संपली. हे पत्र डोळ्यांनी पाहिलेला माणूस मात्र भेटत नाही.

सिडनीत राहून मला दोन्ही पक्षांचा कंटाळा येऊ लागलाय, आणि याला कारण फ्रान्सिस ग्रीनवे. ब्रिस्टलजवळचा हा वास्तुविशारद. दिवाळं निघालं, कागदपत्रांत बनावटगिरी केली, 1812मध्ये फाशीची शिक्षा झाली. ती कमी होऊन 14 वर्षांचं काळं पाणी नशिबी आलं. 1814मध्ये तो कैदी म्हणून सिडनीत उतरला आणि दोनच वर्षांत गव्हर्नर मॅक्वारीने त्याला सरकारी वास्तुविशारद नेमलं. या कामात शिकून तयार झालेली माणसं वसाहतीत जवळजवळ नव्हतीच. हाइड पार्क बॅरॅक्स, सेंट जेम्स चर्च, विंडसरचं सेंट मॅथ्यूज ही त्याची कामं आजही उभी आहेत. गव्हर्नरच्या घोड्यांसाठी त्याने किल्ल्यासारखे तबेले बांधले, तिथे आता संगीत महाविद्यालय आहे. 1966मध्ये तर दहा डॉलरच्या नोटेवर त्याचं चित्र आलं. बनावटगिरीत शिक्षा भोगलेला माणूस चलनी नोटेवर! हा देश मला आवडतो तो अशा गोष्टींमुळे.

इथवर फोटो टाकणारे खूश होतील. पण त्याचा दीपस्तंभ कुठे आहे ते विचारा. 1818मध्ये उजळलेला हा ऑस्ट्रेलियातला पहिला दीपस्तंभ. दगड ठिसूळ आहे असं ग्रीनवेने बजावलं होतं, तरी काम रेटलं गेलं. पाचेक वर्षांत दगड निखळू लागले, मग लोखंडी पट्ट्यांनी आवळून तो कसाबसा उभा ठेवला. शेवटी 1883मध्ये जेम्स बार्नेटने शेजारीच तसाच दुसरा बांधला. पर्यटक ज्याचे फोटो काढतात तो हा दुसरा. जे पडलं ते फोटोत येत नाही, म्हणून सगळंच टिकलं असं वाटतं.

आणि लंडनला तरी टिकाऊ बांधकाम कुठे हवं होतं? 1819मध्ये चौकशीसाठी आलेल्या जॉन बिग यांना मॅक्वारीच्या इमारती म्हणजे उधळपट्टी वाटली. न्यायालय म्हणून आखलेली इमारत त्यांच्या सांगण्यावरून चर्च झाली. 1822मध्ये ग्रीनवेला काढून टाकलं. तोही काही साधा नव्हता. उद्धट होता, पगार घेऊन वर भरमसाट मानधन मागायचा. 1837मध्ये तो कफल्लक अवस्थेत गेला. खर्च कमी करा, वरच्याच्या मर्जीने दगड निवडा, मग बळीचा बकरा शोधा. हे आपल्या ठेकेदारीच्या काळात सुरू झालं असं समजणाऱ्यांना मी बिगसाहेबांचे अहवाल वाचायला सांगेन.

महाडला 2016मध्ये सावित्रीच्या पुरात वाहून गेला तो पूलही इंग्रजांच्या काळातलाच होता, हे ग्रुपवर कुणालाच आठवत नाही.

खुणा पुसणाऱ्यांशी माझं भांडण वेगळं आहे. बॅरॅक्स कैद्यांनी बांधली, कैद्यांना कोंडण्यासाठी, आणि तीही गाडिगल या इथल्या मूळ रहिवासी लोकांच्या जमिनीवर, त्यांना न विचारता. ती पाडली असती तर यातलं काय मिटलं असतं? उलट पुरावाच गेला असता. सीएसएमटीवर तिचे वास्तुविशारद स्टीव्हन्ससाहेब यांच्याबरोबर सीताराम खंडेराव वैद्य राबले, नक्षीकामात जे. जे. स्कूलच्या विद्यार्थ्यांचा हात होता. ही माणसं इंग्रजांच्या कौतुकातही नसतात आणि इंग्रजांवरच्या रागातही नसतात. स्थानकाचं नाव बदललं तेव्हा मला काही वाईट वाटलं नाही. वैद्यांचं नाव मला शाळेत कुणी सांगितलं नाही, याचं मात्र वाटतं.