ल्युसिल बॉलला दूरचित्रवाणीवर म्हणे नवऱ्याने आणले

अमेरिकी अभिनेत्री ल्युसिल बॉल हिच्याविषयीचा एक संदेश व्हॉट्सॲपवर फिरतो आहे. चित्रपटांत सपशेल अपयशी ठरलेल्या या बाईला नवऱ्याने दूरचित्रवाणीवर आणून तारले. तिच्या दातांतल्या भरणाने रेडिओलहरी टिपल्यामुळे जपानी हेर सापडले. छोट्या पडद्यावरची पहिली गरोदर नायिका तीच. आणि ‘स्टार ट्रेक’ ही अंतराळमालिकाही तिचीच कल्पना. माझ्या भाचीने हा मजकूर महिला दिनाच्या भाषणासाठी जसाच्या तसा उतरवून घेतल्यावर गप्प बसणे अशक्य झाले.

यातला सर्वांत खोडसाळ दावा नवऱ्याचा. बॉल 1948 पासून सीबीएस या अमेरिकी प्रसारण कंपनीच्या ‘माय फेव्हरिट हजबंड’ या रेडिओमालिकेची नायिका होती आणि मालिकेतल्या तिच्या नवऱ्याचे काम रिचर्ड डेनिंग हा अभिनेता करत असे. ही मालिका दूरचित्रवाणीवर नेण्याचा विषय निघाला, तेव्हा पडद्यावरही आपला खराच नवरा, म्हणजे क्युबात जन्मलेला वाद्यवृंदप्रमुख देसी अर्नाझ, असावा असा हट्ट तिने धरला. अमेरिकी बाईचा क्युबन नवरा प्रेक्षक स्वीकारतील का, अशी सीबीएसला शंका होती, म्हणून 1950 मध्ये या जोडप्याने रंगमंचावर एकत्र दौरा करून लोकांची पसंती दाखवून दिली. 15 ऑक्टोबर 1951 रोजी या जोडप्याची ‘आय लव्ह ल्युसी’ ही दूरचित्रवाणी मालिका सुरू झाली ती रेडिओमालिकेच्याच लेखकांना सोबत घेऊन. तेव्हा कोणी कोणाला आणले, हे ज्याचे त्याने ठरवावे.

अर्नाझचे श्रेय मात्र, नाइलाजाने का होईना, मान्य करावे लागते. न्यूयॉर्कहून थेट प्रक्षेपण करण्याऐवजी लॉस एंजेलिसमध्ये प्रेक्षकांसमोर तीन कॅमेऱ्यांनी फिल्मवर चित्रीकरण करायचे, त्यासाठी मानधन कमी घ्यायचे आणि बदल्यात भागांची मालकी स्वतःकडे ठेवायची, या व्यवहारामागे बरीचशी त्याचीच धंद्याची नजर होती.

चित्रपटांत ती पहिल्या फळीत पोहोचली नाही, एवढे खरे. परंतु 1933 पासून किरकोळ भूमिका करत ती ‘स्टेज डोअर’ आणि ‘द बिग स्ट्रीट’ या चित्रपटांपर्यंत आली, आणि हातातल्या वस्तूंमधून हशा कसा काढावा, हे तिला एमजीएम या चित्रपट कंपनीत मूकपटांतला विनोदवीर बस्टर कीटनने शिकवले. ‘आय लव्ह ल्युसी’च्या 1952 मधल्या एका भागात सरकत्या पट्ट्यावरून चॉकलेटे इतक्या वेगाने येऊ लागतात की ती गुंडाळणे जमेनासे होते. मग ती तोंडात, टोपीत, अंगातल्या कपड्यांत कोंबताना ल्युसीचा, म्हणजे बॉलच्या पात्राचा, चेहरा पाहावा. ही हुकमत एका रात्रीत येत नसते, आणि याला अपयश म्हणणाऱ्याने तो भाग पाहिलेला नसावा.

दातांची गोष्ट तिने स्वतःच मुलाखतीत रंगवून सांगितली होती. हेर पकडल्याचा पुरावा कोणी दिलेला नाही. गरोदर नायिकेचा मान 1948 मध्येच ‘मेरी के अँड जॉनी’ या मालिकेतल्या मेरी के स्टर्न्स हिच्याकडे जातो; ल्युसीच्या बाळंतपणाचा 19 जानेवारी 1953 चा भाग सुमारे 4 कोटी 40 लाख लोकांनी पाहिला, ही गोष्ट वेगळी. ‘स्टार ट्रेक’ची कल्पना लेखक-निर्माता जीन रॉडनबेरीची. अर्नाझचा हिस्सा 1962 मध्ये विकत घेऊन दोघांच्या देसिलू या निर्मिती कंपनीची प्रमुख झालेल्या बॉलने संचालकांचा विरोध असतानाही त्या खर्चिक मालिकेची पाठराखण केली, आणि 1967 मध्ये ती कंपनी विकली.