पाणथळ बुजवू इच्छिणाऱ्यांना चार हिताच्या गोष्टी

आपल्या ताब्यात नवी मुंबईतील एखादा भूखंड आला असेल, त्यावर दुर्दैवाने पाणी, चिखल आणि पक्षी असतील, आणि ते तिन्ही हटवून तेथे टोलेजंग इमारत उभी करावी अशी आपली मनापासून इच्छा असेल, तर घाबरण्याचे काहीही कारण नाही. निसर्गाचे नुकसान करणे ही आता लाजण्यासारखी गोष्ट राहिलेली नाही. नुकसानीची भरपाई करता येते, आणि भरपाई झाल्याचे एकदा कागदावर आले की नुकसान झालेच नव्हते असे मानण्याची आपल्याकडे रीत पडली आहे. या रीतीचा प्रसाद मला नुकताच एका तक्रारीच्या उत्तरात मिळाला असल्यामुळे चार अनुभवाचे सल्ले देण्याचा अधिकार मला आहे, असे मी समजतो.

सर्वप्रथम, कोणी शंका काढलीच तर अमेरिकेचा दाखला द्यावा. तेथे पाणथळ जागांच्या चक्क बँका आहेत, असे सांगितले की समोरचा गप्प होतो. मात्र दाखला अर्धाच द्यावा, कारण पूर्ण दाखला आपल्या फारसा सोयीचा नाही. तेथे १९७२ च्या स्वच्छ पाणी कायद्याच्या कक्षेत येणाऱ्या पाणथळ जागेत भराव टाकायचा तर लष्कराच्या अभियंता विभागाचा परवाना लागतो, आणि परवाना मागणाऱ्याला आधी नुकसान टाळावे लागते, टळत नसेल तेवढे कमी करावे लागते, आणि त्यानंतर जे उरेल त्याचीच भरपाई करण्याची मुभा मिळते. ही भरपाई बँकेकडून विकत घेता येते. बँक चालवणारी कंपनी बहुधा पूर्वी निचरा करून शेतीखाली आणलेली जमीन घेते, निचऱ्याचे चर बुजवून तेथे पाणी परत आणते, स्थानिक वनस्पती वाढवते आणि त्या जमिनीवर पुढे कधीही बांधकाम होणार नाही असे कायमचे बंधन नोंदवते. मग पाणी आणि वनस्पती ठरलेल्या निकषांना उतरतील तसतशी सरकारी यंत्रणा तिला विक्रीसाठी क्रेडिट्स, म्हणजे भरपाईची एकके, टप्प्याटप्प्याने मोकळी करून देते. बँकेचे कार्यक्षेत्र साधारणपणे त्याच पाणलोटापुरते असते, २००८ च्या नियमानुसार किमान पाच वर्षे देखरेख असते, आणि काम फसले तर वापरण्यासाठी आर्थिक हमी आधीच घेतलेली असते.

यातले ‘विकत घेता येते’ एवढे तीन शब्द पाठ करावेत आणि बाकीचे विसरून जावे. विशेषतः, भरपाईचा असा हिशेब ठेवला जात असूनही पाणथळ जागांमध्ये ‘निव्वळ घट नको’ हे उद्दिष्ट साधले जात नसल्याचा निष्कर्ष अमेरिकेच्याच राष्ट्रीय संशोधन परिषदेने २००१ मध्ये काढला होता, हे तर चुकूनही बोलू नये.

दुसरी गोष्ट, भरपाईचा खर्चही वाचवायचा असेल तर आपली जागा पाणथळ नाहीच असे आधी सिद्ध करून टाकावे. २०१७ च्या पाणथळ जागा नियमांच्या व्याख्येतून भातशेती, नदीपात्रे, तसेच मीठ, मत्स्यशेती, सिंचन किंवा मनोरंजनासाठी मुद्दाम बांधलेली पाणसाठ्याची ठिकाणे वगळलेली आहेत. ठाणे खाडीच्या काठावर शंभर वर्षांपूर्वी कोणी तरी मीठ पिकवले असेलच. नियम वगळतो ते मिठासाठी बांधलेले आगर, त्याच्या शेजारचे, भरतीचे पाणी शिरणारे दलदलीचे खाजण वगळत नाही, हा बारकावा समजावून सांगणारा माणूस बैठकीला येणार नाही एवढी काळजी घेतली की झाले. राष्ट्रीय नकाशासंग्रहात नोंदलेल्या २,०१,५०३ पाणथळ जागांना संरक्षण देण्याचा सर्वोच्च न्यायालयाचा आदेश २०१७ चाच आहे, परंतु त्या नोंदीचा आणि सात-बाराचा मेळ बसेपर्यंत आपला पाया भरून होतो.

तिसरी गोष्ट: झाड तोडू नका, पाणी तोडा.

हा सल्ला सर्वांत मोलाचा असल्यामुळे जरा विस्ताराने सांगतो. खारफुटीवर कुऱ्हाड चालवणे हा शुद्ध अडाणीपणा आहे. मुंबई उच्च न्यायालयाने २०१८ मध्ये खारफुटीची नासधूस हा घटनेच्या २१ व्या अनुच्छेदातील जगण्याच्या हक्काचा भंग ठरवला, तिच्याभोवती ५० मीटरचा पट्टा मोकळा ठेवण्यास सांगितले, आणि तोडलेल्या झाडाचा बुंधा तर छायाचित्रात लगेच दिसतो. याउलट खाजणात पाणी येते ते रस्त्याखालच्या मोरीतून. ती मोरी बुजली की दिवसातून दोनदा आत येणारी भरती थांबते, चिखल वाळून त्याला भेगा पडतात, चिखलाबाहेर तोंड काढून श्वास घेणारी तिवराची मुळे काळी पडतात, आणि काही काळाने झाडे उभ्या उभ्या मरतात. कुऱ्हाडीला डाग नाही, पंचनाम्याला आरोपी नाही. निवट्या आणि चिंबोऱ्या आधीच गेलेल्या असतात. रोहित पक्षी (फ्लेमिंगो) चोच उलटी धरून ज्या उथळ पाण्यातून शेवाळ गाळून खातात ते पाणीच उरत नाही, म्हणून तेही येईनासे होतात, आणि पक्षी येत नाहीत असे दिसले की ‘येथे जैवविविधता आढळत नाही’ असे लिहिण्यास अहवाल मोकळा होतो.

आमच्या घराजवळच्या खाजणाची मोरी अशीच बुजलेली आहे. तीत फुटक्या टाइल्स आहेत, गिलाव्याचे तुकडे आहेत, सिमेंटची रिकामी पोती आहेत आणि एक अख्खा कमोड आहे. तो भरतीबरोबर खाडीतून वाहत आला, असे अजून कोणी म्हटलेले नाही, पण म्हणेल. मी रीतसर ऑनलाइन तक्रार केली. मोरीचे ठिकाण नकाशावर दाखवले, छायाचित्रे जोडली आणि मागणी एकच केली की राडारोडा काढून पाण्याची वाट मोकळी करावी. काही दिवसांनी ‘आपल्या तक्रारीचे निराकरण झाले आहे’ असा संदेश आला. उत्तरात लिहिले होते की, सदर ठिकाणच्या विकासकामाच्या अनुषंगाने अन्यत्र भरपाई वृक्षारोपण करण्यात आले असल्याने तक्रार निकाली काढण्यात येत आहे. सोबत पुरावा म्हणून छायाचित्र होते. त्यात एका मुरमाड उतारावर काळ्या पिशव्यांतली करंज आणि गुलमोहराची रोपे रांगेत मांडलेली होती, त्यांच्यामागे इस्त्रीचे कपडे घातलेली मंडळी उभी होती, आणि त्यांच्यामागच्या फलकावर गुलाबी रोहित पक्षी छापलेला होता. रोपे पिशव्यांतून बाहेरही काढलेली नव्हती. मोरीचा उल्लेख संपूर्ण उत्तरात नाही. मी तक्रार पुन्हा उघडली, तेव्हा ती त्याच छायाचित्रासह पुन्हा बंद झाली. खाली सेवेबद्दल पाचपैकी किती तारे द्याल, असेही विचारले होते.

मुरमाड टेकडीवरचा गुलमोहर भरतीचे पाणी साठवतो काय? वाशी-नेरूळचा बराच भाग उधाणाच्या पातळीपेक्षा खाली आहे, म्हणून शहर वसवताना धारण तलाव ठेवले गेले. मुसळधार पाऊस आणि साडेचार मीटरच्या वरची भरती एकाच वेळी आली की पावसाचे पाणी खाडीत उतरू शकत नाही, ते या तलावांत आणि खाजणांत थांबते, आणि तेथे जागा नसेल तर आपल्या तळमजल्यावर थांबते. हे काम करणारी जागा पाण्याच्याच वाटेवर असावी लागते. एखाद्याच्या विहिरीत दगड टाकून त्याला शेजारच्या तालुक्यातल्या टाकीची पावती दिली तर त्याला आपण काय म्हणू? पण मी सल्ले देत होतो.

चौथी गोष्ट, भरपाईची जागा जितकी दूर तितकी चांगली. मुंबई महानगरातील प्रकल्पांच्या भरपाईचे वनीकरण चंद्रपूर जिल्ह्यात करण्याचे प्रस्ताव झालेले आहेत, तेव्हा आपण निदान जिल्हा ओलांडण्यास संकोच करू नये. चंद्रपूरला झाडे अवश्य लावावीत, त्यांचे कोणाशी वैर नाही. फक्त ठाण्याच्या खाडीतली कोळंबीची पिल्ले वाढण्यासाठी तेथवर जाणार नाहीत, एवढी किरकोळ अडचण आहे.

लावलेली रोपे मोजावीत, जगलेली मोजू नयेत.

खाडीकाठीच भरपाई करावी लागली, तरी हिंमत सोडू नये. २०१९ च्या किनारा नियमन अधिसूचनेत नष्ट होणाऱ्या खारफुटीच्या किमान तिप्पट क्षेत्रावर लागवड करण्यास सांगितले आहे. अशा वेळी ओहोटीला उघडा पडणारा चिखलाचा पट्टा निवडावा, कारण तो कोणाच्या मालकीचा दिसत नाही आणि रोपे खोचायला मऊ असतो. त्याच पट्ट्यावर हजारो मैलांवरून येणारे स्थलांतरित पक्षी आपले पोट भरतात. तेथे खारफुटी लावली की पक्ष्यांची एक खाणावळ आपण आधी बुजवली आणि दुसरी आता झाडांनी झाकली, असे दुहेरी पुण्य पदरात पडते. पुढे बरीचशी रोपे लाटांनी उपटून जातात, कारण त्या पातळीवर खारफुटी जगत असती तर ती आपण लावण्याची वाट पाहत बसली नसती. करावे गावातले एक कोळी काका मला म्हणाले की ही जंगले त्यांच्या आज्या-पणज्यांनी कधी लावलेली नाहीत, पाणी मोकळे ठेवले की बी आपले आपण रुजते. जगभरच्या खारफुटी-तज्ज्ञांचे म्हणणे वेगळे नाही: आधी भरती-ओहोटीची वाट दुरुस्त करा, लागवड बहुधा करावीच लागत नाही. परंतु मोरी साफ केल्याचे उद्घाटन करता येत नाही आणि तेथे फीत कापायला कोणी येत नाही.

पक्ष्यांची उणीव पुतळ्यांनी भरून काढावी. चौकात लोखंडी रोहित उभे केले की त्यांना खाजणही लागत नाही आणि भरतीही लागत नाही. नाव सोनुबाई आणि हाती कथलाचा वाळा, ही म्हण आपण शहराच्या स्वागतकमानीवर लिहिण्याचेच काय ते बाकी ठेवले आहे.

आता मात्र हा सल्ल्यांचा आव पुरे झाला. खाडीदर्शनासाठी चौरस फुटामागे जास्तीचे पैसे मोजणाऱ्यांनो, तुमच्या गच्चीतून दिसणारे पाणी कोणत्या मोरीतून येते हे एकदा खाली उतरून पाहा. बिल्डरला आणि साहेबांना शिव्या घालणे सोपे आहे, पण घराचे जुने किचन फोडल्यावर तो राडारोडा दोन हजार रुपयांत टेम्पोवाल्याच्या हवाली करताना ‘कुठे टाकणार’ असे तुमच्यापैकी कोणी विचारले होते?

आणि साहेब, तुम्हीही ऐका. ठाणे खाडी २०२२ मध्ये रामसर स्थळ, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा, ठरली तेव्हा अभिनंदनाचे फलक लावलेत, मग त्याच खाडीचे पाणी खाजणात नेणाऱ्या वाटा बुजत असताना टेकडीवरच्या रोपांचे फोटो कशाला पाठवता? भरपाई हा तिसरा पर्याय आहे, पहिला नव्हे. नुकसान टाळता येते. बुलेट ट्रेनसाठी सुरुवातीला ५३ हजारांहून अधिक खारफुटी तोडावी लागेल असे सांगितले जात होते, आणि डिसेंबर २०२२ मध्ये उच्च न्यायालयाने परवानगी दिली तेव्हा तो आकडा सुमारे २२ हजारांवर आलेला होता. ते २२ हजारही थोडे नाहीत, पण बाकीची झाडे कोणत्याही वृक्षारोपणाने वाचली नाहीत. कोणी तरी आराखडा पुन्हा टेबलावर घेतला म्हणून वाचली. तुम्हाला एका मोरीसाठी आराखडाही बदलायचा नाही, एक जेसीबी अर्धा दिवस पाठवायचा आहे.

तिप्पट भरपाई केली म्हणता, तर त्या जागेचा गट क्रमांक, तेथे पाणी कोठून येते ते, लावलेली रोपे आणि पाच वर्षांनी जिवंत असलेली रोपे यांचा फलक लावा, आणि तो जेथे भराव पडला तेथेच लावा. तोवर ‘निराकरण झाले’ हे दोन शब्द लिहू नका. आणि रात्री दीडनंतर पाम बीच रस्त्यावरून ताडपत्री न बांधता धावणारे डंपर कोणाचे आहेत, हे शोधण्यासाठी समिती नेमण्याचा विचार असेल तर तोही सोडा. त्यांच्या पाठीमागे नंबर लिहिलेले असतात.