फ्रेंच रहस्यपटांत म्हणे संकलकाला कामच नसतं!

सिनेमावेड्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर एक मेसेज फिरतोय. फ्रेंच रहस्यपट संथ असतात, तिथे सगळं पटकथेवर आणि दिग्दर्शकावर चालतं, संकलक नुसते तुकडे जोडतो, त्यामुळे अशा सिनेमांवर कुणाचं करिअर उभं राहत नाही, असा त्याचा सूर. लिहिणाऱ्याने अल्बेर जुर्गेन्सन या संकलकाचे चार सिनेमे पाहिले असते, तर मेसेज टाइप करायचा हात थांबला असता.

आधी ‘तुकडे जोडणं’. क्लोद मिलेरचा ‘गार्द आ व्यू’ (१९८१) घ्या. ३१ डिसेंबरची रात्र, पोलीस ठाणं, दोन लहान मुलींच्या खुनाचा संशय असलेला एक प्रतिष्ठित नोटरी आणि त्याला प्रश्न विचारणारा इन्स्पेक्टर. मिशेल सेरो आणि लिनो व्हेंतुरा बहुतेक वेळ समोरासमोर बसून बोलतात. पाठलाग नाही, मारामारी नाही. अशा वेळी कॅमेरा बोलणाऱ्यावर ठेवायचा की ऐकणाऱ्यावर, हाच खरा प्रश्न. फिल्मच्या १ सेकंदात २४ फ्रेम. उत्तराआधीच्या शांततेत १२ फ्रेम जास्त ठेवल्या, की तोच माणूस खोटं बोलतोय असं वाटू लागतं; त्याच काढल्या, की तो निव्वळ वैतागलेला दिसतो. संशय पडद्यावर असा मोजून-मापून पेरावा लागतो. संवाद मिशेल ओदिआर यांचे, धारदार आहेतच; पण कागदावर शांततेची लांबी लिहिलेली नसते. या कामासाठी जुर्गेन्सनना संकलनाचा सेझार, म्हणजे फ्रान्सचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार, मिळाला.

आता ‘संथ’. ज्यूल्स दासँच्या ‘रिफिफी’त (१९५५) दरोड्याचा प्रसंग अर्ध्या तासाच्या आसपास चालतो, संवाद नाही, पार्श्वसंगीत नाही. वरच्या मजल्याची जमीन फोडून पाडलेल्या भोकातून छत्री खाली सोडून उघडतात, मलबा तिच्यात झेलायला. हे पाहताना आपणच श्वास रोखून बसतो. याला कुणी संथ म्हणत असेल, तर त्याने तो बहुधा मोबाईल बघत-बघत पाहिला असावा.

करिअरचं म्हणाल, तर जुर्गेन्सन यांनी ‘ला ग्रांद वाद्रुई’ (१९६६) हा धमाल विनोदी सिनेमाही कापला, म्हणजे संकलित केला. फ्रान्समध्ये त्याची १ कोटी ७० लाखांहून जास्त तिकिटं खपली. आलँ रेनेच्या ‘प्रोव्हिडन्स’साठी (१९७७) पहिला सेझार, मग ‘गार्द आ व्यू’साठी दुसरा; त्यानंतर मिलेरच्याच ‘मोर्तेल रांदोने’चं (१९८३) संकलन. विनोदातला ठेका आणि चौकशीतला ताण एकाच टेबलावर घडवणारा हा माणूस रहस्यपटांत अडकून पडला, असं कोण म्हणेल?

दिग्दर्शकाचं मात्र अर्धं मान्य. पोस्टरवर ठळक नाव त्याचंच येतं आणि अंतिम शब्दही बहुतेकदा त्याचाच. पण संकलक फ्रान्स्वाज बोनो यांनी कोस्टा-गाव्रासच्या ‘झेड’मधला राजकीय खुनाचा तपास ज्या झपाट्याने कापला, त्याबद्दल ऑस्करचा पुतळा दिग्दर्शकाला नाही, त्यांनाच मिळाला, १९७० साली.