शेजारच्या खुर्चीतला विप्रलंभ

गेल्या रविवारी कॉलेज रोडच्या बाजूच्या एका चित्रपटगृहात प्रेमपट पाहत होतो. नायिकेची गाडी फलाटावरून सुटत असतानाच शेजारच्या काकूंनी माझ्या मनगटावर हात ठेवला आणि म्हणाल्या, "भाऊ, जिवाला लावून घेऊ नका, शेवटी लग्न होतं त्यांचं." मी रडत नव्हतो, डोळ्यांत थोडे पाणी आले होते, इतकेच, आणि तेही त्या वाक्यासरशी आटले.

काकू पंचवटीच्या होत्या आणि हा चित्रपट आधी एकदा पाहून गेल्या होत्या. बाहेरचे खाद्यपदार्थ आणण्यास सक्त मनाई असलेल्या त्या दालनात त्यांनी पर्समधून चिवड्याची पुडी काढली, माझ्यापुढे धरली आणि मी नको म्हणताच स्वतः एक बकाणा भरून हुंदके देऊ लागल्या. शेंगदाणा चावण्यापुरते रडणे थांबे. तो गिळला की पुन्हा सुरू होई. शेवट ठाऊक असताना आपण रडता कशाला, असे मी शक्य तितक्या सौम्यपणे विचारले.

"म्हणून तर येते," त्या म्हणाल्या. "लग्न होणार नसतं तर पैसे कोण घालवणार? घरी डोळ्यांना पदर लावला की चौघं विचारतात, काय झालं. इथं कोणी विचारत नाही."

मीच नुकते विचारले होते, हे त्यांच्या गावीही नव्हते.

उत्तर बिनतोड होते, याचाच मला अधिक राग आला. 1882 साली रंगभूमीवर आलेल्या 'संगीत सौभद्र'मध्ये सुभद्रा दुर्योधनाची नव्हे, अर्जुनाचीच होणार, हे महाभारत ऐकलेल्या प्रत्येकाला ठाऊक असते. तरीही यतिवेषातल्या अर्जुनाची तगमग पाहायला मराठी माणूस पिढ्यान्‌पिढ्या तिकीट काढत आला. शास्त्रकारांनी शृंगाराचे संभोग म्हणजे मीलनाचा आणि विप्रलंभ म्हणजे विरहाचा असे दोन प्रकार सांगितले असले, तरी प्रेक्षकाला खरी गोडी विप्रलंभाची, कारण मीलनाची हमी असली म्हणजे विरह निर्धास्तपणे भोगता येतो. हे सारे मला मान्य आहे. परंतु सौभद्राचा शेवट प्रेक्षकांना व्यासांनी सांगितला होता. मला तो शेजारच्या खुर्चीने, माझ्या तिकिटाच्या पैशांत सांगितला.

उत्तरार्धभर "आता बघा, तिचा बाप आडवा येईल" अशी आगाऊ वर्दी मिळत राहिली आणि बाप इमानेइतबारे येत राहिला. अखेर मंगलाष्टके सुरू झाली, सारे दालन नाक ओढू लागले, तेव्हा काकू "चला, नंतर गाडी काढायला जागा मिळत नाही" असे म्हणत माझ्या पायावर पाय देऊन बाहेर पडल्या.