पीएमपीच्या ड्रायव्हरला दंड करून जाम सुटणार नाही, आधी स्टॉप मोकळा करा

पुण्यातल्या ग्रुपांवर सध्या एक मेसेज फिरतोय, तुम्हालाही आला असेल. त्यात म्हटलंय की शहरातल्या जामचं मूळ पीएमपी, म्हणजे पुण्याची सिटी बस आहे, ड्रायव्हर स्टॉप सोडून भर रस्त्यात बस उभी करतात, त्यांना जागेवर दंड ठोका, स्टॉप निम्मे करा, आणि बाकी गाड्यांबद्दल म्हणाल तर स्टॉपवर गाडी उभी करणाऱ्यांसाठी काही कायदाच नाही. मी रोज दोन बस बदलून कामाला जाते, म्हणून हे वाचून गप्प बसवलं नाही.

बस रस्त्यात थांबते हे खरंय. पण का थांबते ते बघा ना. माझ्या स्टॉपवर सकाळी शेडच्या पुढच्या टोकाला दोन रिक्षा असतात, मागच्या टोकाला एक कार, चारही इंडिकेटर चालू, आत माणूस फोनवर. मधे उरते जेमतेम एका टेम्पोची जागा आणि बस आहे 12 मीटरची. एवढी गाडी कडेला सरळ लावायची तर मागे-पुढे मोकळी जागा लागते, आधी तोंड आत घ्यायचं मग शेपूट, जागा नसेल तर तोंड फुटपाथला आणि शेपूट दुसऱ्या लेनमध्ये. म्हणून ड्रायव्हर बाहेरच थांबतो. मागच्या पावसाळ्यात एक आजी त्या दोन गाड्यांच्या फटीतून बसकडे निघाल्या तर डावीकडून बाईकवाला घुसला, पिशवी पडली, भाजी चिखलात, कंडक्टरने खाली उतरून त्यांना हात धरून वर घेतलं आणि मग डबल बेल दिली. तेवढा वेळ मागचे सगळे हॉर्न वाजवत होते, आणि शिव्या कोणाला, तर बसला. मला तेव्हा खरंच रडू आलं.

कायदा नाही हे तर साफ चूक. वाहन चालवण्याच्या 1989 च्या नियमांतही बस स्टॉपजवळ पार्किंगला बंदी होती, त्यांच्या जागी आलेल्या 2017 च्या नियमांतही आहे. मोटार वाहन कायदा 1988 चं कलम 122 सांगतं की इतरांना अडथळा होईल अशी गाडी उभी करायची नाही, कलम 127 खाली ती उचलून नेता येते. कलम 177 चा दंड 2019 च्या दुरुस्तीनंतर पहिल्यांदा 500 आणि पुन्हा केलं तर 1500 रुपयांपर्यंत. म्हणजे नियम आहेत, फक्त ते स्टॉपवर येऊन कोणी लावत नाही.

अजून एक गोष्ट मेसेजवाल्याने लिहिलीच नाही. बस आत गेली तरी तिला परत बाहेर कोण येऊ देतं? उजवा इंडिकेटर देऊन बस उभीच राहते, एकही गाडी थांबत नाही, म्हणून पुढच्या वेळी ड्रायव्हर पूर्ण आत जातच नाही. जर्मनीत स्टॉपच्या पाटीच्या आधी आणि नंतर 15-15 मीटर पार्किंगला बंदी आहे, आणि स्टॉपवरून निघणाऱ्या बसला निघू द्यायचं, गरज पडली तर थांबायचं, हे बाकीच्यांवर कायद्यानेच बंधन आहे. आपल्याकडे सक्ती करायची तर इथून सुरू करा.

स्टॉप निम्मे करा म्हणणारे बहुतेक बसने जात नसावेत. गुडघे दुखणाऱ्या माणसाला वाढलेलं चालणं म्हणजे काय ते घरच्या म्हाताऱ्यांना विचारा. बरं, बसमधली 60 माणसं एकेकटी कारने निघाली तर 60 कार, 4 मीटरची एक धरली तरी नुसती एकाला एक चिकटून 240 मीटर रांग.

आणि हो, स्टॉप रिकामा असूनही मधेच थांबणारे, हात दाखवला तरी न थांबता पुढे जाणारे ड्रायव्हरही आहेत. त्यांना जरूर दंड करा, त्याचा त्रास आम्हालाच होतो. पण आधी स्टॉपसमोर बस नीट आत येऊन बाहेर पडेल एवढ्या लांबीचे पिवळे पट्टे मारा, कॅमेरा लावा, सकाळी 8 ते 11 टोइंगची गाडी तिथून फिरवा. त्यानंतर मधे थांबलेल्या बसचा फोटो कोणी टाकला तर तो मीही पुढे पाठवीन.