निवड झालेल्यांना कोर्टात का बोलवायचं? एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. सरकारी भरतीला आव्हान देताना निवड झालेल्या उमेदवारांना प्रतिवादी करायलाच हवं, असं मी लिहिलं होतं. त्यावर तुमचं म्हणणं थोडक्यात असं: घोळ भरती करणाऱ्या आयोगाने घातला, तर उत्तरही आयोगानेच द्यावं. बेरोजगार मुलाने एवढ्या जणांचे पत्ते आणायचे कुठून? आणि ‘पक्षकार जोडले नाहीत’ एवढ्याच कारणावर अर्ज फेटाळणं म्हणजे चुकीच्या नेमणुकांना अभय देणं. शिवाय तुमच्या मित्राने भरतीविरुद्ध मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) केलेल्या अर्जाचं आता काय करायचं, हेही तुम्ही विचारलं आहे.

पत्त्यांबद्दलचा तुमचा राग रास्त आहे. निवड यादीत नाव, बैठक क्रमांक, गुण असतात, पत्ता नसतो. माहिती अधिकारात मागायला जावं तर ‘वैयक्तिक माहिती’ म्हणून नकार मिळू शकतो. आयोगाकडे मात्र प्रत्येकाचा पत्ता, मोबाईल, ईमेल सगळं असतं. ते न्यायाधिकरणाने मागवून घ्यावं किंवा आयोगालाच नोटिसा पोहोचवायला सांगावं, असं मला मनापासून वाटतं.

पण ‘आयोग त्यांची बाजू मांडेलच’ हे मला अजिबात पटत नाही. उत्तर प्रदेशातलं प्रबोध वर्मा प्रकरण बघा. माध्यमिक शिक्षकांच्या संपाच्या काळात ज्यांनी शाळा चालवल्या, त्यांना ‘राखीव शिक्षकांच्या’ यादीत (रिझर्व्ह पूल) घेऊन रिकाम्या जागांवर नेमण्यासाठी सरकारने 1978 मध्ये अध्यादेश काढले. शिक्षक संघाने अलाहाबाद उच्च न्यायालयात त्यांना आव्हान दिलं, पण ज्यांच्या नोकऱ्या जाणार होत्या त्या शिक्षकांपैकी कुणालाही पक्षकार केलं नाही. उच्च न्यायालयाने अध्यादेश रद्द ठरवले. पुढे 1984 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट सांगितलं, की ज्यांना थेट झळ बसणार आहे ते समोर नसताना, निदान त्यांचे काही प्रतिनिधी समोर नसताना, उच्च न्यायालयाने याचिका निकाली काढायलाच नको होती. इतकंच नव्हे, अध्यादेश रद्द ठरवणंही चूक होतं. म्हणजे ज्यांना कुणी विचारलंच नव्हतं, त्यांच्या बाजूने कायद्यात सांगण्यासारखं बरंच होतं. याला निव्वळ तांत्रिक मुद्दा कसं म्हणायचं?

शिवाय आयोगाला स्वतःची प्रक्रिया वाचवायची असते. अमुक उमेदवाराचं प्रमाणपत्र वैध होतं, किंवा ती जुनी नोकरी सोडून रुजू झाली आणि आता वयोमर्यादा उलटल्यामुळे दुसरी परीक्षा देऊ शकत नाही, हे सरकारी वकील कशाला सांगेल? त्याच्या फाइलमध्ये ते नसतंच.

प्रत्येक बाधित व्यक्तीला पक्षकार करायची गरज नाही, यासाठी तुम्ही सर्वोच्च न्यायालयाच्या 1983 च्या ए. जनार्दन निकालाचा दाखला दिलात. तो निकाल मलाही मान्य आहे, पण तिथे वाद ज्येष्ठता यादीच्या निकषांचा होता, दाद केंद्र सरकारविरुद्ध मागितली होती, आणि थेट भरतीतल्या काही अधिकाऱ्यांची बाजूही कोर्टापुढे आलेली होती. नियमच घटनाबाह्य आहे असं म्हणणं वेगळं आणि ‘त्या यादीतली जागा माझी आहे’ असं म्हणणं वेगळं. दुसऱ्यात कुणीतरी बाहेर पडणारच.

आणि सगळ्यांना जोडा, असं कोर्टही म्हणत नाही. उत्तराखंडमधल्या दिवाणी न्यायाधीशांच्या निवडीवरून झालेल्या ममता बिष्ट प्रकरणात (2010) सर्वोच्च न्यायालयाने निवड झालेले उमेदवार, ‘निदान त्यांपैकी काही’, आवश्यक पक्षकार मानले. तिथे एकालाही जोडलेलं नव्हतं.

आता तुमच्या मित्राविषयी. त्याला एकच जागा हवी असेल तर त्याच्या प्रवर्गात सर्वांत कमी गुणांवर निवड झालेल्या उमेदवारापासून सुरुवात करावी. मित्रापेक्षा कमी गुण असूनही निवड झालेले जितके असतील, त्या सगळ्यांना घ्यावं. पूर्ण यादीलाच आव्हान असेल तर काही जणांना प्रातिनिधिक प्रतिवादी करण्याची आणि आयोगाच्या संकेतस्थळावर व वर्तमानपत्रात जाहीर नोटीस देण्याची परवानगी मागावी. कुणी रुजू झालं असेल तर कार्यालयाच्या पत्त्यावर हमदस्त नोटीस (अर्जदाराने स्वतः नेऊन दिलेली) बजावता येते. ही नावं मूळ अर्जात जोडण्यासाठीचा दुरुस्ती अर्ज पुढच्या तारखेची वाट न बघता आत्ताच द्यायला सांगा, कारण युक्तिवादाच्या दिवशी सरकारी वकिलाने हा आक्षेप घेतल्यावर धावपळ केली, तर उशीर का झाला याचंच स्पष्टीकरण आधी द्यावं लागेल.